शाळेने काढले, आता लढायला किती लागेल?

खासगी शाळेतली नोकरी जाते ती बहुधा एप्रिलअखेर. निकालपत्रके लिहून झालेली असतात, पुढच्या वर्षी किती तुकड्या भरतील याचा संस्थेला अंदाज आलेला असतो, आणि हातात एका ओळीचे पत्र पडते: आपली सेवा सत्रअखेरीस संपुष्टात येत आहे. काही ठिकाणी तेवढेही सौजन्य नसते. जूनमध्ये शाळा उघडते तेव्हा मस्टरवर नाव नसते, एवढेच. मग घरात पहिला प्रश्न येतो तो पैशांचा. कोर्टकचेरी आपल्याला परवडणार आहे का?

सरकारदरबारी भरायचे पैसे या लढाईत फार थोडे आहेत. वकिलाची फी आधी ठरवून घेता येते आणि बऱ्याच शिक्षिकांना ती भरावीही लागत नाही, हे पुढे येईलच. खिशाला खरी झळ बसते ती दोन गोष्टींनी: महिनाभर वाट पाहिल्याने आणि न वाचता केलेल्या सहीने. म्हणून आधी त्यांचे बोलू, मग फीचे.

दार कोणते ठोठावायचे

शिक्षक कायद्याच्या भाषेत कामगार नाही. गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये हे स्पष्ट केले. त्यामुळे कारखान्यातल्या माणसासारखे कामगार न्यायालयात जाऊन बडतर्फी रद्द करून घेता येत नाही. ओळखीतला एखादा जाणकार 'लेबर कोर्टात टाका' असे सांगतो तेव्हा त्याचे मनापासून आभार मानावेत आणि तिकडे जाऊ नये. गोव्यात शाळांसाठी १९८४ चा वेगळा शिक्षण कायदा आहे. तिथल्या शिक्षकांनी त्याच वाटेने जावे. इथले पुढचे बहुतेक विवेचन महाराष्ट्रापुरते आहे.

महाराष्ट्रात १९७७ चा खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा आहे आणि त्याखालची १९८१ ची नियमावली. शिक्षक आणि वकील दोघेही त्याला 'एमईपीएस' म्हणतात. अनुदानित, विनाअनुदानित, कनिष्ठ महाविद्यालय, सगळ्यांना तो लागतो. शिपाई आणि लिपिकालाही. 'आमची शाळा विनाअनुदानित आहे, आम्हाला सरकारी नियम लागू नाहीत' हे वाक्य स्टाफरूममध्ये इतक्या वेळा ऐकवले जाते की शिक्षकांनाही ते खरे वाटू लागते. ते खरे नाही. अल्पसंख्याक संस्थांना मुख्याध्यापकाच्या आणि मोजक्या पदांच्या नेमणुकीत मोकळीक आहे, पण कुणालाही मनात आले म्हणून काढण्याची मोकळीक त्यांनाही नाही. शाळा सीबीएसई किंवा आयसीएसई मंडळाची असेल, तर हा कायदा लागू होतो की नाही यावरच संस्थेचा पहिला आक्षेप येतो. वकिलाला पहिल्या भेटीत पहिला प्रश्न हाच विचारा. खासगी क्लासचा मात्र या कायद्याशी संबंध नाही.

या कायद्याखाली शाळा न्यायाधिकरणे आहेत. बोलताना सगळे 'स्कूल ट्रिब्युनल' म्हणतात. मुंबई, पुणे, नाशिक, कोल्हापूर, सोलापूर, छत्रपती संभाजीनगर, लातूर, अमरावती, नागपूर अशा शहरांत ती बसतात आणि एकेकाकडे आजूबाजूचे जिल्हे जोडलेले असतात. बडतर्फ केले, काढले, कोणत्याही प्रकारे सेवा संपवली, पदावनत केले किंवा बढतीत डावलले, तर तिथे अपील करता येते. तोंडी काढले तरीही.

तीस दिवस

आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत अपील दाखल झाले पाहिजे. उशीर माफ करण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे, पण त्यासाठी वेगळा अर्ज, वेगळे प्रतिज्ञापत्र, त्यावर संस्थेचे म्हणणे, मग युक्तिवाद. मुख्य अपिलाला हात लागण्याआधीच कित्येक तारखा या उशिरावर जातात. म्हणजे आठवडाभराचा आळस पुढे महिन्यांच्या भाषेत मोजावा लागतो, आणि वकिलाच्या फीत एक टप्पा वाढतो तो निराळा.

हे ३० दिवस वाया जाण्याची ठरलेली कारणे आहेत. पहिले म्हणजे उन्हाळ्याची सुट्टी: लोक गावी जातात आणि 'जूनमध्ये बघू' म्हणतात. दुसरे, संस्थाचालकांच्या घरी चकरा. अध्यक्ष भेटतात, चहा देतात, 'बघतो' म्हणतात. तिसरे, शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज. तो अवश्य करावा, त्याला पैसे पडत नाहीत आणि पुढे तो पुरावा म्हणून उपयोगी पडतो. पण त्या अर्जाने घड्याळ थांबत नाही. चौथे, वकिलाची नोटीस. हे कारण मला सर्वात जास्त खटकते. अपिलाआधी संस्थेला नोटीस देण्याची कायद्यात अट नाही. तरी 'आधी नोटीस पाठवू, पंधरा दिवस वाट बघू' असे म्हणत फी घेतली जाते. निम्मी मुदत तिथेच संपते.

तोंडी काढले असेल तर पुरावा स्वतःच तयार करावा लागतो. त्याच दिवशी संस्थेच्या सचिवांना आणि मुख्याध्यापकांना पत्र लिहा: अमुक तारखेला मला मस्टरवर सही करू दिली नाही, मी रोज कामावर हजर राहण्यास तयार आहे. प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना, मुंबईत असाल तर शिक्षण निरीक्षकांना. ईमेल करा आणि टपालानेही पाठवा. टपाल खात्याने २०२५ मध्ये रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टात विलीन केले आहे. खिडकीवर स्पीड पोस्ट नोंदणीसह मागा, पावती जपा आणि पोहोच दाखवणाऱ्या पानाची छपाई काढून ठेवा. एवढे केले नाही, तर संस्था पुढे हमखास सांगते की बाई स्वतःच यायच्या बंद झाल्या.

सही

राजीनाम्याबाबत हा कायदा शिक्षकाच्या बाजूने बराच काळजीवाहू आहे. कलम ७ सांगते की राजीनामा दोन प्रतींत लिहायचा, दोन्हींवर सही करून तारीख घालायची, एक प्रत रजिस्टर्ड टपालाने संस्थेला पाठवायची आणि दुसरी आपल्याजवळ ठेवायची. नियम ४० प्रमाणे कायम कर्मचाऱ्याने ३ महिन्यांची आणि कायम नसलेल्याने १ महिन्याची सूचना द्यायची. एवढी बारीक पद्धत लिहून ठेवण्याचे कारण उघड आहे: रुजू होतानाच तारीख न घातलेल्या राजीनाम्यावर सही घेऊन तो कपाटात ठेवण्याची चाल जुनी आहे. अशा कागदावर तुमची सही आधीच गेली असेल तर हातपाय गाळू नका. कलम ७ ची पद्धत पाळली गेली का, हे न्यायालये काटेकोरपणे पाहतात. राजीनामा दडपणाने घेतला असेल तर त्याच दिवशी लेखी कळवा. सहा महिन्यांनी कळवलेल्या दडपणावर विश्वास बसणे अवघड.

नेमणुकीच्या आदेशाचेही तसेच. कायम रिक्त जागेवर रीतसर नेमलेला पात्र शिक्षक २ वर्षे परिविक्षेवर असतो आणि ती पूर्ण झाली की कायम समजला जातो. वेगळे 'कायम केल्याचे' पत्र लागत नाही. अनुदानित शाळेतल्या शिक्षण सेवकाला हा काळ ३ वर्षांचा. हे टाळायला काही संस्था दरवर्षी जूनमध्ये नवा आदेश काढतात आणि एप्रिलमध्ये तो संपवतात. मग जागा कायम होती की तात्पुरती, जाहिरात निघाली होती का, पात्रता पुरी होती का, यावर सगळा खटला फिरतो. शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता नव्हती, म्हणून नेमणूकच बेकायदा, हा संस्थेचा आवडता बचाव. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २००६ च्या सेंट उलाय हायस्कूल प्रकरणात त्याला मोठा चाप लावला आहे. वकिलाला हे नाव सांगा, पुढचे त्याला कळेल.

पगार बँकेत पूर्ण जमा करायचा आणि त्यातला भाग रोखीने परत घ्यायचा, हा प्रकार अनेक शिक्षकांना सांगायची लाज वाटते. सांगा. बँकेचे उतारे काढा. दरमहा एक-दोन तारखेला ठरावीक रक्कम निघाल्याचे तिथे दिसते, आणि असा उतारा तोंडी तक्रारीपेक्षा पुष्कळ बोलका असतो.

कागद गोळा करण्याचा खर्च

सेवापुस्तक, ज्येष्ठता यादी, बिंदुनामावली, मान्यतेचे आदेश, वर्गतुकड्यांची संचमान्यता. यातले बरेच शाळा देत नाही, पण शिक्षण विभागात असते. माहिती अधिकाराचा अर्ज १० रुपयांच्या कोर्ट फी स्टँपवर होतो, प्रती २ रुपये पानाप्रमाणे मिळतात, पहिल्या अपिलाला २० रुपये लागतात. दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला शुल्क नाही. महाराष्ट्रात अर्ज एका विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत असावा लागतो. म्हणून पाच गोष्टी हव्या असतील तर पाच अर्ज करा. पन्नास रुपयांत हे काम होते. शाळा विनाअनुदानित असली तरी तिच्याबद्दल शिक्षणाधिकाऱ्यांकडे असलेले कागद मागता येतात. उत्तराला ३० दिवस लागतात, म्हणजे अपिलाची मुदत तेवढ्यात संपते. यासाठी अपील अडवून ठेवायचे नाही. आधी अपील, कागद मागाहून जोडता येतात. नोकरी अजून शाबूत असेल आणि वारे फिरल्याचे जाणवत असेल, तर हे अर्ज आजच करा.

झेरॉक्सचा खर्च लोक विसरतात. न्यायाधिकरणाची प्रत, संस्थेची, मुख्याध्यापकांची, शिक्षणाधिकाऱ्यांची, वकिलाची आणि आपली. शंभर पानांचे अपील सहज सहाशे पानांचे होते.

निलंबन आणि चौकशी

कायम शिक्षकाला शिस्तभंगासाठी काढायचे तर नियम ३६ आणि ३७ प्रमाणे चौकशी झालीच पाहिजे. समितीत तिघे: संस्थेचा एक, शिक्षकाने सुचवलेला एक, आणि राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतून एक. तुमचा माणूस कोणत्याही खासगी शाळेतला कर्मचारी असू शकतो. इथे बहुतेक जण जवळचा मित्र देतात. मैत्री बघू नका. नियम वाचलेला, संस्थेला न घाबरणारा, शक्यतो दुसऱ्या संस्थेतला माणूस निवडा. असहमती असेल तर ती लिहून नोंदवणारा. अशा माणसाची एक नोंद पुढे वकिलाचे अर्धे काम करते, आणि तिला काही खर्च नाही. चौकशी साधारणपणे १२० दिवसांत संपवायची असते. निलंबनाच्या काळात निर्वाह भत्ता मिळाला पाहिजे; मिळत नसेल तर दर महिन्याला लेखी मागा. भत्ता न देता चालवलेली चौकशी पुढे टिकवणे संस्थेला जड जाते.

चौकशीच्या बैठकीला 'मला हे मान्य नाही' म्हणून गैरहजर राहणे ही सर्वात वाईट चाल. जा, हरकत लिहून द्या, कागदांच्या प्रती मागा, इतिवृत्त वाचून मगच सही करा.

अपिलाचे आणि वकिलाचे पैसे

दिवाणी दाव्यात मागणीच्या रकमेप्रमाणे कोर्ट फी चढत जाते. इथे तसे नाही. कायद्याने अपिलाला ठरावीक, परत न मिळणारे शुल्क लावले आहे. तुमचा पगार १० हजार असो की ८० हजार, शुल्क तेच. त्यावर वकीलपत्राचे आणि कल्याण निधीचे स्टँप, टंकलेखन, प्रती, टपाल. ही सगळी बेरीज घाबरवणारी नाही.

वकिलाची फी हा वेगळा मामला. वकिलांना जाहिरात करता येत नाही, म्हणून दरपत्रक कुठे लागलेले नसते. शहर, वकिलाचा अनुभव आणि तुमची घाई यावर आकडा ठरतो. निदान दोघांना भेटावे आणि दोघांनाही तेच प्रश्न विचारावेत. फी एकरकमी की टप्प्यांनी? त्यात अंतरिम अर्ज, साक्ष, अंतिम युक्तिवाद, निकालाची नक्कल हे सगळे धरले आहे का? उच्च न्यायालयाचे वेगळे किती? एमईपीएसची किती अपिले चालवली आहेत? फौजदारीत नाव असलेला वकील या कायद्यात नवखा असू शकतो.

माझे मत टप्प्यांच्या बाजूने आहे: दाखल करताना एक भाग, युक्तिवादाआधी एक, निकालानंतर एक. तारखेप्रमाणे फी दिसायला लहान असते आणि शेवटी सर्वात महाग पडते, कारण तारखा तुमच्या हातात नसतात; समोरच्याने मुदत मागितली तरी तुमचे पैसे जातातच. अपील शक्यतो ३ महिन्यांत निकाली काढावे असे कायद्याच्या कलम १० मध्ये लिहिले आहे. प्रत्यक्षात वर्षे जातात. हिशेब वर्षांचाच धरा आणि दर तारखेच्या एसटीभाड्याचाही. तुमच्या जिल्ह्यात न्यायाधिकरण नसेल तर हा आकडा किरकोळ राहत नाही.

'आता काही देऊ नका, जिंकलात की थकबाकीतले वीस टक्के द्या' असे कुणी म्हणाले तर ऐकायला बरे वाटते, पण निकालावर अवलंबून फी ठरवणे किंवा मिळणाऱ्या रकमेत वाटा घेणे बार कौन्सिलच्या नियमांनी वकिलांना मना आहे. असा करार करणारा वकील पुढे आणखी कोणते नियम मोडेल, याचा विचार करा.

ग्राहक म्हणून आणखी दोन गोष्टी माहीत हव्यात. सर्वोच्च न्यायालयाने १४ मे २०२४ रोजी निकाल दिला आहे की वकिलाची सेवा ग्राहक संरक्षण कायद्यात येत नाही. म्हणजे वकिलाने हयगय केली तर ग्राहक आयोगाकडे जाता येणार नाही, बार कौन्सिलकडेच तक्रार करावी लागेल. तेव्हा काळजी आधीच घ्यायची: फी बँकेतून द्या, पावती घ्या, काय काय ठरले ते एका ईमेलात किंवा व्हॉट्सअॅपवर लिहून पाठवा. दुसरी गोष्ट तुमच्या बाजूची आहे. फी थकली म्हणून वकिलाला तुमची फाइल अडवून ठेवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली सांगितले आहे. वकील बदलायचा झाला तर कागद परत मागण्याचा हक्क तुमचा आहे.

फुकट वकील

१९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना मोफत वकील मिळतो, आणि त्यांना उत्पन्नाची अट नाही. अनुसूचित जाती-जमाती आणि अपंग व्यक्ती यांनाही तसाच. इतरांना महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्न ३ लाखांच्या आत असेल तर. या कायद्यात 'न्यायालय' या शब्दात न्यायाधिकरणही येते, म्हणून शाळा न्यायाधिकरणातल्या अपिलालाही ही सोय लागू आहे. विनाअनुदानित इंग्रजी शाळांच्या स्टाफरूममध्ये बहुसंख्य शिक्षिकाच असतात, आणि त्यातल्या फार थोड्यांना हे ठाऊक असते, याचे मला दर वेळी नवल वाटते.

अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात किंवा तालुका समितीकडे करायचा. फोनने विचारायचे तर १५१०० हा राष्ट्रीय क्रमांक आहे. मिळणारा वकील एमईपीएस जाणणारा असेलच असे नाही. अनुभवी वकील द्या अशी विनंती अर्जातच करा. मुदतीतले अपील दाखल करून घेण्यापुरती जरी ही मदत घेतली, तरी ३० दिवसांचा प्रश्न सुटतो.

शिक्षक संघटनांची वर्गणी किरकोळ असते आणि जुन्या कार्यकर्त्यांना शासन निर्णय तोंडपाठ असतात. राज्याच्या विधान परिषदेत शिक्षकांचे ७ मतदारसंघ आहेत, त्यामुळे निवडणुकीच्या वर्षी संघटनांचे फोन लवकर उचलले जातात, हेही ध्यानात असू द्या. पण संघटनेचे पत्र म्हणजे अपील नव्हे.

मिळते काय

कलम ११ प्रमाणे न्यायाधिकरण पुन्हा कामावर घ्यायला सांगू शकते, मागचा पगार द्यायला सांगू शकते, शिक्षा कमी करू शकते. पुन्हा कामावर पाठवणे योग्य वाटले नाही, तर भरपाई: १० वर्षे किंवा अधिक सेवा असेल तर १२ महिन्यांचा पगार, कमी असेल तर ६ महिन्यांचा.

उदाहरण घेऊ. समजा मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून २२,००० रुपये आणि सेवा ८ वर्षे. कामावर न घेता भरपाई दिली तर १,३२,००० रुपये. कामावर परत आणि दोन वर्षांचा मागचा पगार मिळाला तर ५,२८,००० रुपये आणि नोकरीही. संस्थेने तडजोडीला बोलावले तर हे दोन आकडे डोक्यात ठेवून बसा. १,३२,००० च्या खाली जाण्याचे काही कारण नाही. तडजोड झालीच तर ती न्यायाधिकरणासमोर किंवा लोकअदालतीत नोंदवा. अध्यक्षांच्या केबिनमधल्या शब्दाला वसुलीची ताकद नसते.

मागच्या पगाराचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाच्या १२ ऑगस्ट २०१३ च्या निकालाने बराच सोपा केला. तोही महाराष्ट्रातल्या, याच कायद्याखालच्या एका शिक्षिकेचा खटला होता. (२०१३) १० एससीसी ३२४ एवढा संदर्भ वकिलाला पुरतो. बेकायदा काढल्यावर मागच्या पगारासह परत घेणे हा नेहमीचा नियम, असे त्यात म्हटले आहे. पण शिक्षकाने सुरुवातीलाच सांगायला हवे की या काळात मला दुसरी नोकरी नव्हती किंवा होती ती कमी पगाराची होती. मग उलट सिद्ध करण्याची जबाबदारी संस्थेवर जाते. हे एक वाक्य अपिलात राहून गेले की लाखांचा फटका बसतो. मसुद्यात ते आहे का, स्वतः वाचून बघा. शिकवण्या घेत असाल तर ते लपवू नका.

निकालानंतर

न्यायाधिकरणाच्या निकालावर पुढे अपील नाही, पण संस्था रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात जाते. बहुतेक वेळा जातेच. म्हणून निकाल हातात येताच कॅव्हेट दाखल करा. तुमचे म्हणणे ऐकल्याशिवाय स्थगिती मिळू नये यासाठी तिचा उपयोग, आणि ती ९० दिवस चालते. स्थगिती मागितली गेली तर मागच्या पगाराची रक्कम न्यायालयात जमा करण्याची अट घालावी, असा आग्रह वकिलाला धरायला सांगा.

उच्च न्यायालयाची फी वेगळी आणि मोठी असते. एक खर्च मात्र घटला आहे: १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या शिक्षकांना मुंबईच्या फेऱ्या आणि मुंबईचे दर दोन्ही टळतात.

संस्था आदेश पाळत नसेल तर कायद्यात कैदेची आणि दंडाची तरतूद आहे. अनुदानित शाळा असेल तर देणे अनुदानातून कापण्याची शिफारस न्यायाधिकरण करू शकते. अपिलात ही मागणी लिहून ठेवा. थकबाकी एकदम हातात आली की आयकरही एकदम बसतो. ती त्या त्या वर्षांत विभागून कर मोजण्याची सवलत आहे, तिचा फॉर्म विवरणपत्राआधी भरा.

ज्यासाठी न्यायाधिकरण लागत नाही

ग्रॅच्युइटी. २००९ च्या दुरुस्तीने शिक्षक तिच्या कक्षेत आले, तेही ३ एप्रिल १९९७ पासून, आणि खासगी शाळांच्या संघटनेने दिलेले आव्हान सर्वोच्च न्यायालयाने २९ ऑगस्ट २०२२ रोजी फेटाळले. सूत्र: शेवटचा पगार गुणिले १५, भागिले २६, गुणिले सेवेची वर्षे. वरच्या उदाहरणात सुमारे १,०१,५०० रुपये. ५ वर्षांची सेवा लागते. राजीनामा दिला असला तरी हक्क जात नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आहे, तिच्यात ठरावीक मुदतीच्या नेमणुकीवर असलेल्याला एका वर्षानंतरही प्रमाणात ग्रॅच्युइटी आहे. आधी संस्थेकडे लेखी मागणी, नाही दिली तर कामगार खात्यातल्या सक्षम अधिकाऱ्याकडे अर्ज. शिक्षक स्वतः चालवू शकेल असे हे प्रकरण आहे.

भविष्य निर्वाह निधी. २० किंवा अधिक कर्मचारी असतील तर शाळेला तो लागू. पगारातून कापले पण खात्यात भरले नाही, हे पासबुकात मोबाइलवर दिसते. तक्रार ऑनलाइन आणि मोफत.

वेतनश्रेणीप्रमाणे पगार मिळत नाही, ही तक्रार मात्र न्यायाधिकरणाच्या अपिलात बसत नाही. ती शिक्षणाधिकारी, उपसंचालक आणि मग उच्च न्यायालयात रिट अशी जाते. थकबाकी साधारणपणे मागच्या ३ वर्षांपुरतीच मिळते, म्हणून दर वर्षी गप्प बसणे म्हणजे दर वर्षी एक वर्ष सोडून देणे. एकट्याने रिट महाग. दहा-बारा जणांनी मिळून केली तर वाटणीला फार येत नाही.

टीईटीचा, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षेचा, नवा पेच स्वतंत्र लेखाचा विषय आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या १ सप्टेंबर २०२५ च्या निकालाने पहिली ते आठवीच्या सेवेतल्या शिक्षकांनाही ती सक्तीची झाली. निवृत्तीला ५ वर्षांहून कमी राहिलेल्यांना सूट, पण बढती हवी असेल तर तीही नाही. बाकीच्यांना २ वर्षे. अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे गेला आहे. ही मुदत संपण्याआधीच 'टीईटी नाही' म्हणून काढले असेल तर ते पत्र घेऊन लगेच वकील गाठा.

लढावे की सोडावे

कायम झालेला शिक्षक, सेवा ५ वर्षांहून जास्त, चौकशी न करता काढलेला: याने लढावे. कायदा इतका उघडपणे बाजूने असताना सोडून देणे म्हणजे काही लाख रुपये संस्थेला देणगी देणे. परिविक्षेचे पहिलेच वर्ष, महिन्याची सूचना रीतसर मिळालेली आणि दुसरीकडे नोकरी तयार असेल, तर अनुभव प्रमाणपत्र आणि पीएफ घेऊन निघणे शहाणपणाचे. परिविक्षेत एक महिन्याच्या सूचनेने किंवा पगाराने सेवा संपवण्याची मुभा कायद्यानेच दिली आहे. दरवर्षी नवा आदेश घेणाऱ्यांचे प्रकरण मधले. त्यांनी सगळे आदेश तारखेवार लावून एकदा एमईपीएस जाणणाऱ्या वकिलाला दाखवावेत. त्या एका सल्ल्याचे पैसे जरूर खर्च करावेत, आणि तोही पत्र मिळाल्याच्या पहिल्या आठवड्यात.

बाकी कुणी काहीही सांगो, शाळेतून एखादा कागद सहीसाठी पुढे आला तर 'घरी वाचून उद्या देतो' म्हणा.